देवरावच्या ग्रहावरचं पाणी

देवराव गेल्याचा फोन आला तेव्हा मी सिंदेवाहीच्या शाळेत हजेरी घेत होतो. महिना उलटला, पण लिहायला हात धजत नव्हता...

झाडीपट्टीच्या नाटकांचे पडदे रंगवण्यात देवरावची हयात गेली. पन्नाशी उलटल्यावर या गड्याने कार्टून सिनेमा काढायचा घाट घातला. एकेक चित्र कागदावर काढायचं, मोबाइलने फोटो घ्यायचा, मग ते जोडायचे. गोष्टही उफराटी. दूरच्या ग्रहावर तीन डोळ्यांचे हिरवे लोक धानाची रोवणी करत असतात आणि त्यांच्या बांधीत, म्हणजे भाताच्या खाचरात, आकाशातून परग्रहवासी पडतो. तो परग्रहवासी म्हणजे आपला पृथ्वीवरचा माणूस! त्याचा आवाज मी देणार होतो, म्हणून मला जोरदार लढाई हवी होती.

देवराव म्हणाला, "लढाई काऊन, गुरुजी? दारात आलेल्याले आधी पानी देतेत. काऊन आला, ते मंग विचारतेत."

आमच्याकडची रीतच ती. सारं हिरवं गाव तांबे घेऊन धावतं, आणि हा बावळट डोक्यावरचा काचेचा टोप न काढताच पाणी तोंडावर ओततो. त्यांना वाटतं, याची तहान फारच मोठी. आणखी तांबे येतात. हसून हसून माझी पुरेवाट झाली. शेवटी एक म्हातारी पुढे होऊन टोप उचलते आणि माणूस पहिला घोट घेतो.

तिथेच काम अडलं. तोवर देवरावच्या घशात कॅन्सर निघाला होता. खाणंपिणं सगळं पोटातल्या नळीने चाले. घोटाचा आवाज मी चार वेळा काढून दिला. चारही वेळा त्याने नकारार्थी मान हलवली.

"तुमाले तहान कुठी आहे, गुरुजी?" तो जेमतेम ऐकू येईल असं बोलला. "मले पिऊ द्या."

त्याची बायको, सुशीलावहिनी, नको नको म्हणत राहिल्या. त्याने रेकॉर्डिंग लावून मोबाइल गळ्याशी धरला आणि तांब्या तोंडाला लावला. पहिला घोट बाहेर आला. दुसराही. तिसरा उतरला... चेहरा पिळवटला होता, पण डोळ्यांत असा आनंद की मी बघतच राहिलो. एवढ्या मोठ्या माणसाजवळ आपण इतकी वर्षं नुसता चहा पीत बसलो, हे मला तेव्हा कळलं.

सिनेमा पुरा झाला. तेरवीनंतर वहिनींनी आणि मी तो मोबाइलवर पाहिला. हसण्याच्या जागी त्या हसल्यासुद्धा. मग टोप निघाला, घोट ऐकू आला, आणि त्यांनी मोबाइल उचलून कानाशी धरला.

आता रोज ताटावर बसल्यावर त्या तेवढाच तुकडा लावतात.

"त्यायनं पानी पेल्याबिगर मले घास जात नाई, गुरुजी."