पौर्णिमेनंतरचा रविवार

मुंबईत फुटबॉलचे सामने पावसाळ्यात होत, आणि आमच्या किनाऱ्यावरचे कोळी पावसाळ्यातच रिकामे असत. आमचा संघ उभा राहिला तो एवढ्या एका योगावर.

स्वातंत्र्य मिळून दहाएक वर्षं झाली होती. पोटासाठी मुंबईत आलेल्या निरनिराळ्या मुलखांच्या लोकांची एक स्पर्धा दरवर्षी भरायची. मलबारी, मंगळुरी, गोवेकर, तेलुगू, सगळ्यांचे संघ असायचे. किहीमजवळच्या आमच्या गावाचाही होता. मी छापखान्यात कायमचा नोकर, म्हणून कप्तान, खेळ यथातथाच. माझ्यासारखे बारमाही मुंबईकर चौघंच. बाकीची पोरं कोळीवाड्यातली. होड्या शाकारून झाल्या की ती गोदीत हमालीला यायची आणि नारळी पौर्णिमेला घरी परतायची.

गोलात एका तांडेलाचा, म्हणजे होडीच्या म्होरक्याचा, मुलगा उभा राहायचा. ओहोटीच्या ओल्या वाळूवर खेळून तयार झालेला. चेंडू अडवला तरी हसायचा, सुटला तरी हसायचा. त्या वर्षी त्याच्या जिवावरच आम्ही अंतिम सामन्याला पोचलो. समोर मलबारी.

आणि मैदानाचं तळं झालं. सामना ढकलला, पुन्हा ढकलला. शेवटी स्पर्धेच्या चिटणिसांनी पौर्णिमेनंतरचा रविवार मुक्रर केला. मी भांडायला गेलो. ते म्हणाले, "अहो, तेव्हा तर पाऊस ओसरलेला असतो." पाऊस ओसरतो म्हणूनच आमची माणसं दर्यावर जातात, हे मी त्यांना तीनदा सांगितलं. त्यांनी चहा मागवला. शहाण्याला शब्दाचा मार म्हणतात, पण शहाणा सापडायला हवा ना.

पोरं गावी निघाली. गोलवाला म्हणाला, "तू बाबाला इचार. तुजा आयकंल तो." त्या वेळी तो हसत नव्हता.

मुंबईहून सुटणारी लाँच पावसामुळे अजून बंदच होती. पनवेलवरून एसटीनं धक्के खात गाव गाठलं. तांडेल दारात जाळं शिवत होता. मी म्हटलं, "काका, फक्त एक रविवार. सोमवारी मी स्वतः आणून सोडतो."

"ने की. माजी ना न्हाय," तो म्हणाला. "पन होरीवर त्याच्या जागेला कोन? तू येशील दोर वढाया?"

त्यात टोमणा नव्हता, हेच वाईट. टोमणा असता तर मी तोंड सोडलं असतं. दुसरा माणूस मिळेना, सगळ्या होड्या एकदमच सुटायच्या होत्या, आणि तीन महिने घरात मासळीचा पैसा आला नव्हता. दोर ओढणं माझ्या हातचं नव्हतं. मी जायला उठलो. मुलगा दाराआड उभा राहून सगळं ऐकत होता. त्याच्याकडे बघायचं मला धाडस झालं नाही.

रविवारी आम्ही चौघं मैदानावर गेलो. पंचांनी थोडा वेळ वाट पाहिली आणि मलबाऱ्यांना विजयी घोषित केलं. माणसं मात्र भली. त्यांच्या कप्तानाला राहवेना. लोक जमलेत, मैत्रीचा सामना तरी खेळू म्हणाला, आणि आपली राखीव पोरं आमच्या बाजूला दिली. एक पोरगा आमच्या गोलात उभा राहिला, आमच्या गोलवाल्याचा सदरा घालून. काय सुरेख खेळला तो! एकही चेंडू आत जाऊ दिला नाही. त्याच्या प्रत्येक झेपेला लोक टाळ्या वाजवत होते आणि माझं डोकं भडकत होतं. आम्ही एका गोलानं जिंकलो. करंडक अर्थात त्यांनी नेला.

दिवाळीत गावी गेलो तेव्हा तो किनाऱ्यावर भेटला. उन्हानं काळा पडला होता, तळहात दोरानं सोललेले. चिटणिसांना शिव्या घालून झाल्यावर मी त्याला सामन्याची सगळी हकीकत सांगितली. फक्त गोलात कोण होता ते गाळलं.

मग त्यानंच विचारलं, "गोलात कोन व्हता?"

"त्यांचाच एक पोरगा."

"बरा व्हता?"

खोटं बोलावं असं फार वाटलं. पण मैदानावर आमच्या गावचे लोक होते, आज ना उद्या त्याच्या कानावर गेलंच असतं.

"बरा होता," मी म्हटलं.