सरांच्या नावाची मूठ

प्राध्यापक यशवंत रामचंद्र टेंबे यांच्या अमृतमहोत्सवी गौरवग्रंथासाठी लेख द्या, असे संपादक म्हणाले तेव्हा मी आधी नाहीच म्हणालो. सरांच्या विद्वत्तेविषयी लिहायला या ग्रंथात मोठी माणसे आहेत. मी सुरतेतल्या लूमच्या, म्हणजे यंत्रमागांच्या, खात्यातला मुकादम. माझा अधिकार असलाच तर एवढाच, की सरांनी शिकवलेले सगळ्यांत वाईट रीतीने वापरून दाखवणारा विद्यार्थी मीच आहे.

सरांची आणि माझी पहिली भेट गोडादऱ्यातल्या मारुतीच्या देवळामागच्या खोलीत झाली. कॉलेजातून निवृत्त झाल्यावर सरांनी तिथे दर रविवारी सकाळी तत्त्वज्ञानाचा वर्ग सुरू केला होता. कतारगामहून ते सायकलने येत. त्या दिवशी फळ्यावर विषय लिहिला होता, 'देव आहे का?' देवळाच्याच खोलीत हा प्रश्न बघून पुजारीबुवा अस्वस्थ झाले होते. सर त्यांना म्हणाले, "बुवा, उत्तर काहीही निघो, खोली झाडूनच परत देऊ." आणि वर्ग संपल्यावर त्यांनी खरोखरच स्वतः झाडू हातात घेतला. मी रात्रपाळी संपवून केसांत कापसाची धूळ घेऊन मागे बसलो होतो. सर म्हणाले, "तुम्ही पुढे या. तुमचे मत काय?" सुरतेत येऊन मला सहा वर्षे झाली होती. तोवर मला कोणी 'तुम्ही' म्हटले नव्हते आणि मत तर कोणी विचारलेच नव्हते. पुढच्या रविवारी मी अंघोळ करून गेलो.

सरांच्या वर्गाचा एक नियम होता. कोणाचे म्हणणे खोडायचे असेल तर आधी त्याचा पूर्वपक्ष मांडायचा, आणि तोही असा, की ऐकून तो माणूस म्हणाला पाहिजे, 'हो, मला हेच म्हणायचे होते.' त्यानंतरच आपले तोंड उघडायचे. देव मानणाऱ्यांना आणि न मानणाऱ्यांना, दोघांनाही हा नियम जाचत असे. सर स्वतः देव मानत नाहीत, पण त्यांनी मांडलेला भक्तांचा पक्ष ऐकून पुजारीबुवाच एकदा दारात उभे राहून डोळे पुसत होते.

हा नियम मी वहीत सुबक अक्षरांत लिहून घेतला आणि नंतर सपशेल विसरलो.

आम्ही खानदेशातले. श्रावणात आमच्या घरोघरी नारळाच्या रूपात कानबाई देवी बसते. तिच्या रोटांसाठी, म्हणजे प्रसादाच्या जाड पोळ्यांसाठी, आमच्याकडे घरातल्या प्रत्येकाच्या नावाने सव्वा मूठ गहू मोजतात. ते रोट कुळातल्यांनीच, ज्याच्या नावाचा त्यानेच, खायचे, बाहेर द्यायचे नाहीत, टाकायचे तर मुळीच नाहीत, आणि पुनवेच्या आत संपवायचे. एक्याण्णव सालच्या श्रावणात शनिवारी आई गव्हाच्या मुठी भरत होती. मी म्हणालो, "माझी भरू नकोस. मी मानत नाही." मग वर्गातले सगळे ज्ञान तिच्यावर ओतले. देव दयाळू असेल तर जगात एवढे दुःख का? सर्वव्यापी असेल तर नारळात कशाला बसेल?  आईने माझ्या नावाची मूठ भरली, गव्हात टाकली आणि पाठ वळवली. मला वाटले, मी जिंकलो.

दुसऱ्या दिवशी घरात कानबाई बसलेली असताना मी ताठ मानेने वर्गाला गेलो. वर्गातले बाकीचे खानदेशी सणासाठी आपापल्या घरी, खोलीत सर एकटेच. ते साताऱ्याकडचे, त्यामुळे आमचा सण त्यांना ठाऊक नव्हता. "आज सगळे गेले कुठे?" त्यांनी विचारले. मी अभिमानाने सगळी हकिकत सांगितली. शाबासकीची वाटच बघत होतो म्हणा ना.

"आणि आई काय म्हणाल्या?"

"काही नाही. गप्प बसली."

"म्हणजे पूर्वपक्ष मांडलाच गेला नाही," सर म्हणाले आणि खडू खाली ठेवला. "चला."

आमच्या खोलीत सर जमिनीवर बसले. कानबाईला त्यांनी हात जोडले नाहीत. आईच्या ते लगेच लक्षात आले. सर म्हणाले, "ताई, मी देव मानत नाही. खोटे हात जोडले तर तो तुमचाच अपमान होईल."

आई म्हणाली, "बसा, सर. खोटा हात जोडनारा गंज येतस." आमच्या बोलीत गंज म्हणजे पुष्कळ.

मग सरांनी तिला विचारले, "हे तुम्ही का करता, ते मला समजावून सांगाल?" एवढ्या वर्षांत मी तिला हे कधी विचारले नव्हते. आई पदराशी चाळा करू लागली. मग म्हणाली, "देव शे का नही, हाई माले काय माहीत? आम्ही सुरतले ऊनूत तवय अकरा जन व्हतूत. कोनी कामरेजले गया, कोनी गावले, कोनी मरी गया. आते चार शेतस. वरीसमा एक दिन मी मुठी भरस, तवय माले समजस, मन्हा कोन कोन शेतस." आणि माझ्याकडे न बघता तिने विचारले, "आते याना रोट कोन खाई?"

मला मेल्याहून मेल्यासारखे झाले. सर मला म्हणाले, "तुमचा युक्तिवाद चुकीचा नव्हता. पण ज्यांना तो ऐकवलात, त्यांचा तो प्रश्नच नव्हता." मी रोट खाल्ला. देव मी आजही मानत नाही. पण त्या दिवशी ताटावर बसून मी रडलो, हे इथे लिहायला मला लाज वाटत नाही. पुढच्या रविवारी सरांनी भरल्या वर्गात सांगितले, "चूक माझी. खंडन आधी शिकवले आणि ऐकणे नंतर."

स्वतःला माफी न देण्याची सरांची ही रीत मी पुन्हा एकदा पाहिली. चौऱ्याण्णवच्या प्लेगात आमच्यातले कितीतरी जण गावी पळाले. परत आल्यावर एक कारागीर वर्गात शरमेने म्हणाला, "सर, तुम्ही थांबलात, आम्ही पळालो. हे पाप ना?" सगळीकडे सरांच्या धैर्याची चर्चा होती. सर म्हणाले, "मीही स्टेशनवर गेलो होतो. गाडीत पाय ठेवायला जागा मिळाली नाही, म्हणून परत आलो. आता नीतीचा विचार इथून सुरू करू." देव नसेल तर माणूस चांगला का वागेल, असे मला कोणी विचारले की मी हा प्रसंग सांगतो.

पण मुठीची गोष्ट एवढ्यावर संपली नाही. त्या रोटानंतरच्याच श्रावणात, ब्याण्णव साली, आईने आमच्या चार मुठी भरल्या आणि पाचवी भरू लागली. मी विचारले, ही कोणाची? "सरनी." मी हबकलो. म्हणालो, ते आपल्या कुळातले नाहीत, शिवाय मानत पण नाहीत! आई म्हणाली, "पन त्यासले आठे मोजनारं कोन शे?" सरांच्या पत्नी जाऊन बरीच वर्षे झाली होती आणि मुलगी नागपूरला होती. मी निरोप घेऊन कतारगामला गेलो.  सरांनी एवढेच विचारले, "मी मानत नाही, हे त्यांना माहीत आहे ना?" मी हो म्हणालो. ते आले, जेवले, आणि तेव्हापासून दरवर्षी येतात. हात अजूनही जोडत नाहीत.

गेल्या हिवाळ्यापासून गुडघ्यांच्या दुखण्यामुळे सर मुलीकडे नागपूरला आहेत. परत येणे जमेल की नाही, असे त्यांनी पत्रात लिहिले आहे. वर्ग चालू आहे, आणि खोली आम्ही झाडतो. सरांना निरोगी, दीर्घ आयुष्य लाभावे, असे या ग्रंथातले सगळेच लिहितील. कोणाकडे मागायचे, हा माझ्यापुढे प्रश्नच आहे. म्हणून मी आईला विचारले, सरांसाठी काय लिहू?

ती म्हणाली, "लिख, त्यासनी मूठ मी भरसूच. रोट दुसरा कोनले चालत नही. त्यासले येनंच पडी."