कानबाई दारात थांबली तेव्हा

त्या श्रावणात आमच्या घरी कानबाई, आमची खानदेशातली देवी, बसवायची नाही, हे मीच ठरवलं. पप्पांच्या गळ्यात श्वासाची नळी बसवून चार महिने झाले होते. धूप-उदबत्तीचा धूर त्यांना सोसला नसता. माझी आत्या, जिला सगळे अक्का म्हणतात, म्हणाली, "देवीपेक्षा तुला त्या मशीनचा भरवसा जास्त." ते खरंच होतं. कफ ओढणारं मशीन आणि नर्सने शिकवलेलं सगळं इंग्रजीत उतरवलेली माझी वही, एवढ्यावरच माझा विश्वास उरला होता. दोंडाईच्याच्या आमच्या घरात देवापुढे दिवाही अक्काच लावायची.

सोमवारी सकाळी कानबाईच्या विसर्जनाची मिरवणूक गल्लीत शिरली आणि लाइट गेली. पप्पांना खोकल्याची उबळ आली. नळीतून शिट्टीसारखा आवाज येऊ लागला, मग तोही बारीक होत गेला. मशीनची बॅटरी चार्ज करायची मी विसरले होते. गळ्यातल्या नळीच्या आत आणखी एक सुटी नळी असते; कोंदली तर आधी ती आतली नळी काढायची, हे वहीच्या पहिल्याच पानावर होतं. पण मी नुसती मशीनचं बटण दाबत राहिले. पप्पांचे ओठ निळसर पडले. अक्काने दारात जाऊन हाक मारली.

मिरवणुकीतली एक अनोळखी बाई धावत आली. हातातल्या उदबत्त्या तिने उंबऱ्याबाहेरच ठेवल्या, मोरीवर भराभर हात धुतले. मी बाजूला सरकले, तर तिने मलाच पुढे घेतलं.

"आतली नळी काढ, माय. तूच काढ. तुना हात तेस्ले वळखीना शे."

माझाच हात पप्पांच्या ओळखीचा, असं म्हणत तिने बाहेरच्या नळीची गळ्यावरची पट्टी धरून ठेवली. मी नळी फिरवून ओढली. तिच्याबरोबर वाळलेल्या कफाचा गोळा बाहेर आला आणि पप्पांच्या छातीत हवा शिरली. चार महिने तो श्वासाचा आवाज मी नुसता मोजत होते; ऐकला तो त्या क्षणी.

तिच्या सासऱ्यांना तीन वर्षं अशीच नळी होती, एवढंच तिने सांगितलं. चहाला थांबली नाही. देवी खोळंबली होती.

याला काय म्हणावं, मला कळत नाही. शरण जाणं म्हणजे हात टेकणं, असं मी समजायचे. त्या सकाळी माझेच हात कुणीतरी कामाला लावले.

बाहेर गाणी थांबली होती. डोक्यावर कानबाई घेतलेली बाई आमच्या दाराकडे तोंड करून उभी होती. मी उंबऱ्यात वाकले. मागायचं काहीच सुचलं नाही.