हळदीचं पेव आणि त्रेचाळिसावं पान

चहा घ्या आधी. कारण मी जे सांगणार आहे ते ऐकताना तुम्ही हसणार, आणि हसताना चहा सांडला तर तोही दोष माझ्याच माथी यायचा. इतकी वर्षं मी हे कुणाला सांगितलं नव्हतं. आमच्या ह्यांना माहीत आहे, पण ते बोलतील तर शपथ!

आमच्या भागात नवं विद्यापीठ निघालं, त्या दिवसांतली गोष्ट. विद्यापीठ म्हटलं की ग्रंथ आले, आणि ग्रंथ म्हटले की प्रकाशन विभाग आला. विद्यापीठाची इमारत अजून चुन्याच्या रेघांतच होती, म्हणून आमचा विभाग साताऱ्यात एका छापखान्याच्या माडीवर थाटला. अध्यक्ष एक, उपाध्यक्ष दोन, सल्लागार मंडळ अकरा जणांचं, शिवाय त्या मंडळाला सल्ला द्यायला एक उपसमिती. खुर्च्या मात्र चार. आणि काम करायला कोण? मी! मॅट्रिक पास, मराठी टायपिंगची परीक्षा दिलेली, आणि तात्पुरती.

दोन वर्षांत विभागानं काय काय छापलं म्हणता? बैठकीच्या नोटिसा. अगदी शुद्ध आणि सुबक.

शेवटी वरून विचारणा झाली, की पुस्तक कुठं आहे? अध्यक्ष नानासाहेब मला म्हणाले, "बाई, दीक्षान्त समारंभाला टेबलावर एक तरी ग्रंथ दिसला पाहिजे. दिसला, तर तुम्ही कायम. नाही दिसला, तर विभागच उठतोय, मग तुम्ही कुठं आणि मी कुठं!"

नानासाहेब कुठंही गेले असते हो, त्यांना जागा पुष्कळ. मला ती एकच खुर्ची होती.

ग्रंथ तयार होता तो सांगलीच्या डॉक्टरांचा. औषधाचे नव्हेत, पुस्तकाचे डॉक्टर. सल्लागार मंडळावरही तेच होते. विषय, हळदीची पेवं. आता पेव म्हणजे काय? जमिनीत खोल खड्डा, त्यात हळद भरायची, वरून तोंड लिंपायचं. सांगलीकडं शेंबड्या पोरालाही ठाऊक. पण डॉक्टरांनी त्याला 'भूगर्भीय संग्रहण-व्यवस्था' म्हटलं होतं. दोनशे पानं मी टाइप केली, पण हळदीचा वास काही कुठं आला नाही.

आणि इथंच माझी पहिली चूक झाली.

माझे मामा सांगलीजवळच पेवांवर कामाला होते. पेव उघडल्या उघडल्या आत उतरायचं नसतं, आत हवा कोंडलेली असते, माणूस गुदमरतो. आधी कंदील सोडायचा. दोनशे पानांत डॉक्टरांनी हे लिहिलंच नव्हतं! मला राहवेना. वाटलं, मोठा माणूस, विसरला असेल. त्रेचाळिसाव्या पानावर मी हळूच एक परिच्छेद घातला: 'पेवात आधी कंदील सोडावा. विझल्यास त्या दिवशी उतरू नये. कंदील नसल्यास कोंबडी सोडावी. आमच्या मामांनी सोडली होती. ती धडधाकट वर आली व पुढं तीन वर्षं अंडी देत होती.'

मनात आलं, डॉक्टर प्रुफं बघतील, नको असेल तर काढतील. प्रुफं गेली तशीच परत आली, घडीसुद्धा न मोडता. कोपऱ्यात सही तेवढी होती, 'पाहिले'.

खाली छापखान्यात भराभर छपाई सुरू झाली. मग नानासाहेबांना आठवलं, की तज्ज्ञाचं मत फाइलला लागतं! छापावं की छापू नये, हे मत. पुस्तक छापत असताना! आमच्याकडं आधी बारसं आणि मग लग्न.

त्यासाठी नियम फार कडक. हस्तलिखितावर लेखकाचं नाव नाही, पुस्तकाचं नाव नाही, फक्त क्रमांक. तज्ज्ञांनाही क्रमांकच. त्यांची नावं नानासाहेबांच्या कुलुपात, माझ्याकडं नुसती क्रमांकांची आणि कॉलेजांची यादी. पाकिटावर आम्ही फक्त कॉलेजचं नाव आणि 'तज्ज्ञ क्रमांक अमुक' लिहायचं. तिथल्या ऑफिसानं ते ज्याचं त्याला पोचवायचं.

नानासाहेब गावाला जाता जाता जिन्यातून ओरडले, "बाई, सात नंबरचं हस्तलिखित आजच पाठवा!"

कुणाला, ते सांगितलंच नाही. मी विचार केला, सातला सातच बरा. आकड्याला आकडा जुळला की फाइल कशी नीट राहते! स्वतःच्या हुशारीवर खूश होऊन मी गठ्ठा पोस्टात टाकला.

एरवी तज्ज्ञाचं मत यायला सहा महिने लागतात. हे आठ दिवसांत आलं. 'ग्रंथ अथपासून इतिपर्यंत बारकाईने वाचला. लेखकास विषयाचा गंध नाही. भाषा बोजड. कोणत्याही परिस्थितीत छापू नये.'

मी जिना उतरले की घसरले, आठवत नाही. खाली कंपोझिटर महिपती हात पुसत उभा होता.

"महिपती, छपाई थांबवा! तज्ज्ञ नको म्हणतात!"

"आवं बाई, आता न्हाई म्हनून काय उपेग? समदं फारम, पार शेवटच्या पानापत्तुर, छापून झाल्यात. टाइप बी सोडून खणात टाकला. आता बायंडिंग तेवढं ऱ्हायलंय."

"मग मी काय करू हो?"

"कवा हाय समारंभ?"

"परवा!"

"मग लय इचार करू नगा. त्या तज्ज्ञालाच बांधून टाका."

दुसऱ्या दिवशी सांगलीत मंडळाची बैठक. एसटीत बसून मी ते मत आणि त्याच्याबरोबर परत आलेलं हस्तलिखित मांडीवर घेऊन गेले. कऱ्हाडपर्यंत देवाला आठवलं, पुढं माझ्या खुर्चीला.

नानासाहेबांनी मत मोठ्यानं वाचलं. समोर डॉक्टर बसले होते. त्यांचा चेहरा फुलतच चालला.

"वा!" डॉक्टर म्हणाले. "कठोर आहे, पण अधिकारी माणसाचं मत आहे. असली पुस्तकं रोखलीच पाहिजेत."

"डॉक्टर, अहो, हे तुमच्याच पुस्तकाबद्दल आहे."

"काय? कुठल्या गाढवानं लिहिलंय हे?"

नानासाहेबांनी बॅगेचं कुलूप उघडलं, वही काढली, चष्मा पुसला, पुन्हा पाहिलं.

"तज्ज्ञ क्रमांक सात म्हणजे... तुम्हीच की हो!"

डॉक्टरांच्या पाठीमागे त्यांचा पट्टशिष्य बसला होता. सगळा ग्रंथ ह्यानंच लिहून दिला अशी कुजबुज होतीच. तो एकदम खिडकीबाहेर बघायला लागला.

"हे टायपिंगमध्ये बिघडलं असणार!" असं म्हणत डॉक्टरांनी हस्तलिखित ओढलं आणि जन्मात पहिल्यांदा आपला ग्रंथ वाचायला घेतला. पानं सळसळली. एकदम थांबले.

"हे काय? कोंबडी? हे मी लिहिलेलं नाही!"

बघा हं! दोनशे पानं आपली आहेत हे ज्या माणसाला ओळखू आलं नाही, त्याला आपली नसलेली पाच वाक्यं बरोब्बर सापडली!

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी उठून उभी राहिले. "साहेब, कंदिलाचं राहिलं होतं म्हणून... मामा म्हणायचे..."

"बाई, हा विद्यापीठाचा ग्रंथ आहे!" दोहोंपैकी एक उपाध्यक्ष गरजले. ते दोन वर्षांत बोललेलं त्यांचं पहिलं वाक्य.

मग विद्वानांनी मार्ग काढला. ठराव असा झाला, की तज्ज्ञांचे मत मंडळास पूर्णपणे मान्य असून ते फक्त त्रेचाळिसाव्या पानास लागू समजावे. बाकी ग्रंथ उत्कृष्ट. पान काढायला वेळ नव्हता, म्हणून प्रत्येक प्रतीत त्या पानावर चिठ्ठी डकवायची. चिठ्ठी कुणी टाइप करायची? मी. डकवायची कुणी? मीच.

ग्रंथ टेबलावर दिसला. मी कायम झाले.

आणि विद्यापीठानं छापलेलं माझं एकुलतं एक लेखन आजही त्या पहिल्या ग्रंथात आहे. त्याच्या डोक्यावर माझ्याच हातानं खळ लावलेली चिठ्ठी आहे: 'खालील मजकूर लेखकाचा नाही. वाचू नये.'

मोठ्या हौसेनं एक प्रत घरी आणून ह्यांच्या हातात दिली. ह्यांनी सबंध ग्रंथातलं तेवढंच एक पान वाचलं. कोंबडीपर्यंत आले, पुन्हा वर जाऊन चिठ्ठी वाचली, आणि पुस्तक मिटून शांतपणे म्हणाले,

"चिठ्ठी बरोबर आहे."