बाबांनी शिवलेलं जाळं

सिंदेवाहीच्या स्टँडवर बाबा मला सोडायला आले, तेव्हा त्यांच्या पायांना तलावाचा चिखल तसाच होता. "शिकून घे गा. तलाव कुठी पळून नाई जात," एवढंच म्हणाले. गाडी हलायच्या आतच ते वळले, कारण मासोळ्या विकायच्या होत्या.

नागपूरच्या चित्रकलेच्या कॉलेजात मी घरातला पहिलाच. होस्टेलमध्ये 'मला'ऐवजी 'मले' तोंडातून निघालं की मुलं हसत, म्हणून मी कमी बोलू लागलो. पुढे कुणी काही विचारेनासंच झालं.

वर्षाच्या शेवटी सरांनी सांगितलं, घरातली रोजची वस्तू घेऊन काम करा. कुणी स्टोव्ह आणला, कुणी झिजलेली चप्पल. मी आमच्या जुन्या जाळ्याच्या भोकाचं चित्र दाखवलं. "हे भोकच तुझं काम आहे," सर म्हणाले. "खरं जाळंच टांग." त्यावरच पास-नापास होतं, आणि नापास म्हणजे गावी परत.

मी घरी पत्र लिहिलं : कॉलेजात सगळ्यांसमोर टांगायचं आहे, फाटकं जाळं आहे तसंच पाठवा.

जाळं पोत्यातून आलं. भोक कुठेच नव्हतं. आत बहिणीची चिठ्ठी होती. "बाबा म्हनते, फाटकं जाळं लोकाइसमोर टांगाले लाज नाई वाटत का याले? तीन दिवस तलावावर गेले नाई, शिवतच बसले."

जुन्या तपकिरी दोऱ्यात नव्या पांढऱ्या गाठी स्पष्ट दिसत होत्या. दुपारी खोलीत कुणी नव्हतं. मी ब्लेड घेतलं. गाठी इतक्या घट्ट होत्या की एकेक कापावी लागली. मोठं भोक पाडलं. सरांना फार आवडलं. मी पास झालो.

उन्हाळ्यात घरी गेलो. जेवताना बाबांनी विचारलं, "जाळं टिकलं का गा?"

"टिकलं."

"टिकनच. माह्या हातची गाठ हाये." आणि त्यांनी ताटातला मासोळीचा मोठा तुकडा माझ्याकडे सरकवला.

त्याला आता दोन वर्षं झाली. सुट्टीत जातो, त्यांच्याजवळ बसतो, सांगायचं ठरवतो आणि न सांगताच गाडी पकडतो. तुमच्यापैकी जे गाव सोडून आलेत त्यांना कदाचित कळेल. इथे शहरात मी काय कापलं ते कुणाला सांगितलं तरी चालतं, कुणाला त्याचं काही वाटत नाही. ज्याला वाटेल असा एकच माणूस आहे, आणि तो जिथे आहे तेच माझं घर. तिथे मला अजून नीट पोचता आलेलं नाही.