पडद्यातलं नाक

मी एकदा सिनेमातल्या पोराला शिपायाच्या हातून सोडवायला गेले होते. हसा खुशाल! तेव्हा मी परकरात होते आणि स्वतःला गावातली सगळ्यात शहाणी समजायचे. गेल्या महिन्यात दोंडाईच्याहून रहीमभाऊ गेल्याचा फोन आला आणि रडण्याआधी मला तोच प्रसंग आठवून हसू फुटलं. सून बघतच राहिली.

रहीमभाऊ जत्रेत मुके सिनेमे दाखवायचे. जुनी चादर दोन बांबूंना बांधायची आणि पाणी मारून ओली करायची, म्हणजे चित्र मागूनही दिसतं. पुढे पुरुष, मागे आम्ही बायापोरी. आमचा सिनेमा उलटा, पण तक्रार कोण करणार? एका हाताने यंत्र फिरवत भाऊ तोंडाने गोष्ट सांगायचे, "आते दखा, शिपाई ऊना!" म्हणजे, बघा, शिपाई आला!

आधी हे खेळ त्यांचे वडील करायचे; ते वारल्यावर त्या वर्षी भाऊंचा तो पहिलाच खेळ. फसला असता तर पुढच्या जत्रेला गावाने दुसऱ्या कुणाला बोलावलं असतं. पडद्यावर दोन कार्टी पायऱ्यांना साबण चोळत होती. जाडा शिपाई घसरला, उठला, परत घसरला आणि शेवटी धाकट्याचा कान त्याच्या हाती लागला. माझा कान मास्तरांनी सकाळीच पिळलेला... मी "सोड त्याले!" म्हणत धावले आणि ती ओली, विरलेली चादर टर्रकन फाटून माझं तोंड नाकासकट पलीकडे निघालं.

भाऊ पांढरेफटक पडले, पण यंत्रावरचा हात थांबला नाही. ओरडले, "इंदू, हालू नको! दोन्ही कडा धरी ठेव!" मी कडा ओढून धरल्या, नाक तेवढं बाहेर राहिलं. शिपाई पुन्हा धावत आला, नेमका माझ्या नाकापाशी घसरला. भाऊ म्हणाले, "दखा, आते नाकलेबी साबन लागना!" लोक असे लोळले, की तेच रीळ परत लावावं लागलं. नाक परत हजर! त्यानंतर आमच्या जत्रेला दुसरा कुणी आलाच नाही. फाटक्या जागी आईने माझ्या परकराचं ठिगळ लावून दिलं, मला धपाटे वेगळे. तरी दुसऱ्या दिवशी मी आमच्या पायरीवर साबण चोळलाच... आणि पहिली मीच आपटले.

परवा भाऊंच्या बायकोला, हमीदाभाभींना, भेटायला गेले. भाऊंची खाट रिकामी, उशाशी ती चादर घडी करून ठेवलेली. ठिगळाचा रंग पार उडालाय. हमीदाभाभींनी घडी उलगडून माझ्या मांडीवर ठेवली, डोळे पुसले आणि म्हणाल्या,

"चादर धुवायला घेतली की हे आतून ओरडायचे, 'ठिगळ हळू पीळ गं, इंदूचं नाक दुखेल!'"