विंगेतले मामा

या जगात कुठलीच गोष्ट सुरळीत पार पडत नाही, यावर माझ्या थोरल्या मामांइतका ठाम विश्वास मी दुसऱ्या कुणाचा पाहिला नाही. चिमूरजवळच्या आमच्या गावी दिवाळीनंतरच्या मंडईला, म्हणजे जत्रेला, नाटक व्हायचं आणि विंगेत वही घेऊन नटांना वाक्यं पुरवायचं काम मामांकडे असायचं. पडद्याची दोरी ते दहादा ओढून बघत, राजाची मिशी स्वतः चिकटवत आणि तरी ती गळणारच म्हणून दुसरी खिशात ठेवत. माझ्यासाठी मुलगी पाहायला गेलो, तर तिच्या वडिलांनी मला नोकरीचं विचारताच मामा मागून हळूच म्हणाले, "मास्तर आहो, म्हन."

त्या वर्षी मुंबईहून माहितीपट काढणारी मंडळी आली. त्यांना नाटक नको होतं, पडद्यामागची गडबड हवी होती. मामांची जेवणावरची वासनाच उडाली. आमचा राजा म्हणजे गावचे दर्जीचाचा. त्यांना अक्षरओळख नव्हती, विंगेतून ऐकलेलं वाक्यच ते म्हणायचे, हे फक्त मामांना ठाऊक. मला बाजूला घेऊन ते म्हणाले, "मी त्याले सांगून राह्यलो, हे लोकायनं पाह्यलं तं त्याले राजा कोन म्हनन?"

कॅमेऱ्याला उजेड हवा म्हणून भर दुपारी पडदा उघडला. कॅमेरा विंगेकडे वळताच मामांनी वही धोतराखाली सारली आणि दोरीवाला असल्यासारखे उभे राहिले. राजा दरबारात आला नि थांबला. मामा घामानं निथळत होते, ओठ गच्च मिटलेले. मग राजानं एकदा विंगेकडे पाहिलं आणि अख्खा प्रवेश एकही शब्द न चुकता म्हणून टाकला.

मंडळी खूश होऊन गेली. मामा मात्र विंगेतल्या आपल्या खोक्यावर बसून राहिले. चाचा आत आले तसं त्यांनी विचारलं, "तुले पाठ होतं तं सांगितलं काऊन नाई?"

चाचा मुकुट काढत म्हणाले, "इतक्या वर्षांत आयकून आयकून झालं, भाऊ. सांगितलं असतं तं तुमी इथी बसले असते का?"

 पुढे तो माहितीपट चांद्याच्या टॉकीजमध्ये लागला, तेव्हा मामा पाहायला आले नाहीत. पुढच्या वर्षीच्या मंडईला वही दुसऱ्या कुणाला द्या, असं म्हणत होते. शेवटी मंडईच्या रात्री आम्हीच त्यांना विंगेत ओढून नेलं. पडदा उघडला, राजा दोन वाक्यं बोलला आणि अडला. मामांनी घाईघाईनं पान शोधलं.

चाचा त्या दिवशी खरंच विसरले होते का, हे विचारायचं राहूनच गेलं. आता विचारावं असं दोघांतलं कुणीच उरलेलं नाही.